जिगची सारबांद

सारबांदमध्ये तीन मात्रा असतात. वजन दुसरीवर पडतं. पहिलीवर पाय टाकायचा, दुसरीवर अंग टाकायचं, तिसरीवर वाट बघायची.

माझ्या बाबांनी आयुष्यात एकतीस होड्या बांधल्या. एकही बुडाली नाही.

"चर्चमध्ये नाच?"
"बसून वाजवायचा आहे, फादर," मास्तर म्हणाले.

वाळवी लाकडाची कातडी खात नाही.

चेलो म्हणजे गुडघ्यांत धरून वाजवायचं मोठं व्हायोलिन. त्याच्या पोटाखाली वीतभर लोखंडी सळई असते. तिचं टोक जमिनीत रुततं. जमिनीत जे होतं ते वाजवणारीच्या गुडघ्यांना कळतं.

सत्तावन्न दिवसांचं बाळ ढोलताशात झोपतं आणि कुजबुजीने उठतं.

बावीस माणसांना चव्वेचाळीस टाचा.

*

"लुर्दिन, सळई फळीवर नको, फटीत घाल. घसरली तर बिशपांच्या डोक्यावर चेलो जाईल," पास्कोल मास्तर म्हणाले.

"बिशप पुढे बसलेत, मास्तर. इथून त्यांच्यापर्यंत जायला चेलोला पंख हवेत."

"तोंड कमी, सळई फटीत."

मी सळई फटीत घातली. फट बोटभर रुंद होती. तिच्यातून खालचे शेवटचे बाक दिसत होते. चर्चच्या मोठ्या दारावरचा तो माळा. एरवी रविवारी त्याच्यावर सहाजण उभे राहून गात. आज आम्ही बावीसजण होतो, शिवाय खुर्च्या, शिवाय जासिंता मावशीची पायपेटी. वर यायला एकच जिना, तोही गोल, लाकडी, एका वेळी एक माणूस मावेल असा.

माळ्याखालचे बाक लेकुरवाळ्यांचे. पोर रडलं की उठून दाराबाहेर जाता यावं म्हणून. मी फटीतून बघितलं. बरोबर माझ्या खाली माझी थोरली बहीण सिसिल बसली होती, बाळाला मांडीवर घेऊन. शेजारी आय. आयने वर बघितलं नाही. ती जपमाळ शोधत होती, जी तिच्या गळ्यातच होती.

गावचा सण होता, चौऱ्याऐंशी साल. मी एकोणीस वर्षांची होते.

*

मास्तरांबद्दल सांगायला हवं, नाहीतर पुढचं कळणार नाही.

पास्कोल मास्तर तरुणपणी लग्नाच्या बँडमध्ये क्लॅरिनेट वाजवत. मग एका म्हाताऱ्या पाद्रीकडे व्हायोलिन शिकले. त्या पाद्रीच्या पेटीत त्यांना एका जर्मन माणसाच्या नाचांची वही मिळाली. तीनशे वर्षांपूर्वीचे चार नाच, एकापाठोपाठ वाजवायचे: आलमांद चालत, कुरांत पळत, सारबांद रेंगाळत, जिग उड्या मारत. तीस वर्षं ती वही मास्तरांच्या कपाटात होती आणि मास्तर माणसं गोळा करत होते.

आम्ही माणसं म्हणजे केळीच्या वाडीतली, मिठागरावरची, दोघं बेकरीतली. मास्तरांनी पहिले तीन महिने कुणाच्या हातात वाद्य दिलंच नाही. शाळेच्या अंगणात नाचवलं. कुरांतला पळवलं, सारबांदला पाय घसटायला लावला, जिगला टाच आपटायला लावली.

"टाच! टाच हवी मला! विंचू मारताय असं समजा!"

कुंपणावर गाव जमायचं. "मास्तर, हे लग्नाचं आहे की मयताचं?" कुणीतरी विचारायचं.

"दोन्हीकडे चालेल. तुझं आधी कुठलं, ते कळव."

आणि आमच्याकडे वळून म्हणायचे, "बोटं विसरतात. पाय विसरत नाहीत."

त्यामुळे आम्ही खुर्चीवर बसून वाजवू लागलो तरी पाय थांबले नाहीत. कुणाचेच नाही. ते नाच आम्हाला पायांशिवाय येतच नव्हते. सराव शाळेच्या हॉलमध्ये, शहाबादी फरशीवर. माळ्यावर सगळे एकत्र आम्ही सणाच्या दिवशीच पहिल्यांदा बसलो.

मास्तरांचा दुसरा नियम: "माझ्याकडे बघू नका. मी देखणा नाही. खालचे सूर ऐका. बास जाईल तिथे सगळे."

खालच्या सुरांना, म्हणजे बासला, आम्ही दोघी. मी चेलोवर, जासिंता मावशी पायपेटीवर. मावशीच्या कागदावर तिचे स्वर लिहिलेलेच नव्हते. माझेच स्वर होते आणि त्यांच्याखाली बारीक आकडे. सहा, सात, चार-तीन. मी एक स्वर वाजवायचा, तिने आकडा बघून त्याच्यावर बाकीचे स्वर रचायचे.

"तू फक्त भांडं चुलीवर ठेवतेस गं लुर्दिन," ती म्हणायची. "कालवण माझंच."

*

आणि बाबांबद्दल.

इनास मिस्त्री. खाडीवर होड्या बांधायचे. महिनाभर आधी फादर ज्योकिम घरी आले होते. बिशप येणार, माळ्यावर बावीसजण चढणार, मिस्त्री, एकदा बघून घ्याल का? बाबा बघून आले. "अजून दहा वर्षं बघायला नको," म्हणाले. पुढच्या रविवारी फादरांनी वेदीवरून सगळ्या गावाला सांगितलं, आपल्या इनास मिस्त्रींनी माळा तपासलाय, त्यांचे आभार. लोक वळून बाबांकडे बघू लागले. बाबा आपल्या चपलांकडे बघत होते. मला वाटलं, लाजले.

*

आलमांद झाली. काही नाही.

कुरांतमध्ये गंमत असते. खालचे सूर तीन मोजतात, वरचे मध्येच दोन मोजायला लागतात, मग पाय एकत्र पडत नाहीत. प्रत्येकाची टाच वेगळ्या वेळी, बाजारात चालल्यासारखी. सळई एकदा हलली. मला वाटलं, माझा गुडघा.

सारबांदला सगळ्यांनी पाय घसटले. खाली कुणीतरी खोकणारं थांबलं. मावशीने एक जागा अशी भरली की माझ्या मानेवर काटा आला. मास्तरांच्या डोळ्यांतून पाणी येत होतं आणि ते पुसत नव्हते, कारण दोन्ही हात व्हायोलिनवर होते. सळई गप्प होती.

मग जिग. तिची मापं, म्हणजे तालाची आवर्तनं, छोटी असतात.

*

जिगचा पहिला भाग, सोळा मापं.

चव्वेचाळीस टाचा एकदम खाली आल्या आणि सळई खाली गेली. इंचाचा चौथा भाग असेल. मग वर आली. पुढच्या टाचेला पुन्हा खाली गेली. मी चेलो गुडघ्यांनी घट्ट धरला. खुर्ची हलत असेल. पुन्हा खाली. पुन्हा वर.

फळीला ताल सापडला होता.

मला हे दुसऱ्या शब्दांत सांगता येत नाही. पाळण्याला बरोबर वेळी झोका दिला की तो थोड्या जोरानेच कसा वाढत जातो, तसं. फळी वर येऊन थांबायची आणि तिथेच पुढची टाच तिला भेटायची. सातव्या मापाला भिंत आणि माळ्याच्या फळ्या यांच्यामध्ये उजेडाची रेघ दिसली. रेघ मिटली. रेघ दिसली.

मी फटीतून खाली बघितलं. सिसिल बाळाच्या कपाळावरून काहीतरी पुसत होती. तिने बोटांकडे बघितलं. पुन्हा पुसलं. पिठासारखं बारीक काहीतरी वरून, माझ्या पायाखालून, तिच्या बाळावर पडत होतं.

सोळावं माप आलं.

*

पुन्हा.

या नाचांत प्रत्येक भाग दोनदा वाजवायचा असतो. दुसऱ्यांदा तेच, पण थोडी नक्षी करून.

जिगचा पहिला भाग, सोळा मापं. चव्वेचाळीस टाचा एकदम खाली आल्या आणि सळई खाली गेली. आता अर्धा इंच. रेघ दिसली, रुंद. सिसिलने बाळावर पदर घेतला. वर, माझ्या डाव्या हाताला, बेकरीतला रॉक हसत हसत व्हायोलिन वाजवत होता. सगळे हसत होते. जिग नीट जमली की हसू येतंच, टाच आपोआप जोरात पडते.

लाकडाचा आवाज आला. मोठा नव्हता. वाद्यांत कुणालाच ऐकू गेला नाही. मला तो कानांनी नाही, मांड्यांनी ऐकू आला.

ओरडायचं? बावीसजण एकदम उठणार, एकाच जिन्याकडे पळणार. पळणारे पाय, याच फळ्यांवर.

थांबायचं? कुणी तालातून सुटलं की मास्तर सगळ्यांना धरून ठेवायला स्वतःची टाच दुप्पट आपटायचे. मग बाकीचेही आपटायचे. सरावात शंभरदा झालं होतं.

आणि ओरडून सांगायचं काय? माझ्या बाबांनी तपासलेला माळा पडतोय?

होय, हा विचार आला. खाली सिसिल, आय आणि बाळ असताना आला. तो मनातून घालवायला मला दोन मापं लागली. ती दोन मापं मी अजून मोजते.

मग मी पाचव्या मापाच्या सुरुवातीचा स्वर उशिरा सोडला. पुढचा आणखी उशिरा. बास जाईल तिथे सगळे. मी मागे ओढलं. होडी ओढतात तसं, सगळं अंग लावून.

"काय गं?" जासिंता मावशी ओठ न हलवता म्हणाली.

"मागे या, मावशी."

"जिग आहे ही!"

"मागे या. दुसरीवर वजन टाका."

तिने माझ्याकडे एकदा बघितलं. माझं तोंड कसं होतं कोण जाणे. पुढच्या आकड्यावर तिने सगळ्या पट्ट्या एकदम दाबल्या, दुसऱ्या मात्रेवर, आणि सोडल्याच नाहीत.

मी स्वरांत बदल केला नव्हता. तेच स्वर, त्याच क्रमाने. फक्त जिगच्या एका उडीत तीन लहान ठोके असतात, ते मी इतके लांबवले की ती उडी राहिली नाही. तीन मात्रा. वजन दुसरीवर.

वरची वाद्यं अडखळली. रॉकचं हसू गेलं. कुणीतरी माझ्याकडे वळून बघितलं. पण त्यांना खालचं ऐकायची सवय होती. एक-एक करत ते मागे आले. आणि मी त्यांच्या चेहऱ्यांकडे बघतच नव्हते, मी बुटांकडे बघत होते. आधी रॉकचा बूट. टाच उचलली गेली, हवेत थांबली, आणि आपटली नाही. घसटली. मग त्याच्या शेजारचा. मग मागची रांग. पाय विसरत नाहीत.

मास्तर एकटे पुढे गेले. दोन मापं ते एकटेच जिग वाजवत होते, एकटेच टाच आपटत होते. त्यांनी मान वळवून माझ्याकडे बघितलं. माझ्याकडे आजवर कुणी तसं बघितलेलं नाही. मग त्यांचाही पाय घसटला.

दुसरा भाग तसाच गेला. तोही दोनदा. मी एकही माप गाळलं नाही. गाळलं असतं तर गोंधळ झाला असता आणि गोंधळात माणसं उभी राहतात. तीन मिनिटांची जिग नऊ मिनिटं चालली. रेघ दिसली, मिटली, मग नुसती केसाएवढी उरली. माझ्या गुडघ्यांवर घाम ठिबकत होता.

संपल्यावर बराच वेळ कुणी टाळी वाजवली नाही. संपलंय हेच कळलं नाही कुणाला. मग बिशपांनी वाजवली, मग सगळ्यांनी, शेजारच्याच्या आजारपणाची चौकशी करावी तशी. मास्तर जिग पुन्हा वाजवणार होते, टाळ्या थांबल्या नाहीत तर. टाळ्या थांबल्या.

माणसं माना खाली घालून एक-एक करून जिना उतरली. हळू. कुणालाच खाली लोकांसमोर जायची घाई नव्हती. चेलोमुळे मी शेवटची.

*

वेदीमागच्या पोशाखघरात मास्तर व्हायोलिन पेटीत ठेवत होते. फादर ज्योकिम, बाबा, जासिंता मावशी, सगळे तिथेच.

"का?" मास्तर म्हणाले. एवढंच.

मी बाबांकडे बघितलं. बाबांनी नवा शर्ट घातला होता. फादर त्यांच्या खांद्यावर हात ठेवून उभे होते.

"घाबरले, मास्तर."

"कुणाला? बिशपांना?"

"हो."

"बिशप काय खातात तुला? तीस वर्षं, पोरी. तीस वर्षं ती वही मी उंदरांपासून वाचवली. घाबरतात सगळेच. घाबरलेली माणसं पुढे पळतात! मागे कोण येतं घाबरून?"

"मास्तर, मीही मागे आले," जासिंता मावशी म्हणाली.

"तू तिच्या भांड्यावर शिजवतेस. तुला काय बोलू?" त्यांनी पेटी बंद केली. एक कडी लागेना. ते ती लावत राहिले. "वाद्य शाळेत ठेवून जा, लुर्दिन. उद्यापासून येऊ नकोस."

*

दुपारी तीनला, सणाचं जेवून गाव आडवं झालं होतं, तेव्हा मी बाबांना पडवीत सगळं सांगितलं. सळई, रेघ, बाळाच्या कपाळावरची भुकटी. मग आत जाऊन ते आरी घेऊन आले, होडीच्या फळीला भोक पाडतात ती, लाकडी मुठीची.

"चल," म्हणाले.

चर्च रिकामं होतं. फुलं अजून ताजी होती. बाबा गोल जिन्यापाशी गेले, कठड्यावर हात ठेवला, पहिली पायरी चढले. दुसरी चढले. मग थांबले. मी मागे होते. त्यांच्या मानेवरून घामाची धार सदऱ्यात जात होती.

"बाबा?"

ते उतरले. खाली बसले, पायरीवरच.

"मला नाही जमत," बाबा म्हणाले.

"काय नाही जमत?"

"वर. कधीच नाही जमलं. होडी जमिनीवर बांधतात, लुर्दिन."

"मग त्या दिवशी...?"

"बांबूने ठोकून बघितलं. खालून." त्यांनी आरी माझ्या हातात दिली. "आवाज चांगला येत होता."

मी वर गेले. सकाळी आम्ही बावीसजण चढलो होतो त्या पायऱ्या मी हातापायांवर चढले. माळ्यावर उभं राहायचं धाडस झालं नाही. पोटावर सरपटत भिंतीपर्यंत गेले. खालून बाबांचा आवाज येत होता, उंच, पोरासारखा: "भिंतीच्या कडेने! मध्ये जाऊ नकोस! जिथे तुळई भिंतीत जाते तिथे टोक लाव. जोर देऊ नकोस. नुसतं टेकव."

मी टेकवलं. आरी आत गेली. केळीच्या खांबात जाते तशी. मी जोर दिलाच नव्हता.

"किती गेली?" बाबांनी विचारलं.

मी मुठीभोवती बोट फिरवून बघितलं.

"लुर्दिन! किती?"

"मूठ टेकली, बाबा."

मी फटीतून बघितलं. बाबा शेवटच्या बाकावर बसले होते, सकाळी सिसिल बसली होती तिथे. त्यांनी टोपी काढून मांडीवर ठेवली होती.

"बाबा, तिथून उठा," मी म्हणाले. "बाबा, आधी तिथून उठा."

*

बाबांनी त्याच संध्याकाळी फादर ज्योकिमना सांगितलं. स्वतः गेले, एकटे. फादरांनी जिन्याला कुलूप लावलं आणि गावाला सांगितलं, रंगकाम आहे. गावाने मान डोलावली. बाबांचं नाव कुठे आलं नाही. फादर दोन वर्षांनी दुसऱ्या धर्मग्रामात बदलून गेले.

बाबा मला एवढंच म्हणाले, "मास्तरांना सांगायचं असेल तर सांग. मी आड येणार नाही."

मी सांगितलं नाही. बाबा असेपर्यंत नको, असं ठरवलं. बाबा गेल्यावर सांगेन. मास्तर बाबांहून दोन वर्षांनी लहान होते, काटक होते, मला वाटलं वेळ आहे.

मास्तर आधी गेले, अकरा वर्षांनी, पावसाळ्यात. तोवर त्यांनी ते चार नाच पुन्हा वाजवले नाहीत. रस्त्यात भेटले की म्हणायचे, "काय लुर्दिन, अजून घाबरतेस?" आणि मी म्हणायचे, "हो, मास्तर." ते हसायचे, मीही. एकदा, माझ्या लग्नात, ते जेवणाच्या पंगतीत माझ्यापाशी आले आणि हळूच म्हणाले, "एक सांग. ती सारबांद वाईट नव्हती. पण जिगची का केलीस?"

मी म्हणाले, "मास्तर, डुकराचं मांस घ्या ना अजून."

त्यांनी घेतलं.

*

सण रविवारी झाला. मंगळवारी सकाळी बाबांच्या कामावरचे तिघे तुळई उतरवायला आले. त्यांनी शिडीवरून तिला दोर बांधला, आणि तो ओढायच्या आधीच ती मोडली.